तुम्ही विचारलंत म्हणून : तुला पैसे कोण देतं?

राजकारणातल्या पैशावर माहितीपट करतेस, मग तुझा पैसा कुणाचा? प्रत्येक खेळानंतर कुणीतरी हे विचारतंच. परळच्या एका चाळीत गच्चीवर चादर बांधून फिल्म दाखवली, तेव्हा पुढे बसलेल्या आजींनी दिवे लागायच्या आधीच विचारलं, "तुला पैसे कोण देतं गं?"

लोक देतात, शंभर-पाचशे करून. त्यांची नावं मी फिल्मच्या सुरुवातीला दाखवते, कारण शेवटी लोक उठून जातात. एकदा एका बिल्डरचा निरोप आला होता. संकलनाचा सगळा खर्च सुटेल एवढी रक्कम, अट एकच : नाव कुठे यायला नको. नाव द्यायची तयारी असती तर मी निदान विचार केला असता. तसं नव्हतं, म्हणून नाही म्हटलं.

हीच अट आपल्याकडे सहा वर्षं कायदा म्हणून चालली. 2018 पासून स्टेट बँकेत निवडणूक रोखे, म्हणजे नाव जाहीर न करता पक्षाला देणगी द्यायचे कागद, मिळू लागले, हजारापासून एक कोटीपर्यंतचे. पहिल्या फेरीत विक्री झालेल्या चार शहरांत आपली मुंबई होती. कंपनीने नफ्याच्या साडेसात टक्क्यांपर्यंतच देणगी द्यावी, ही मर्यादा 2017 मध्येच उठली होती. एकूण 16,518 कोटींचे रोखे विकले गेले आणि ते कुणी कुणाला दिले, हे मतदाराला कळायची सोय नव्हती. पत्रकार पूनम अगरवाल यांनी 2018 मध्ये हजाराचे रोखे घेऊन प्रयोगशाळेत तपासले, तेव्हा अतिनील प्रकाशात कागदावर लपलेला क्रमांक उमटला.

तोवर मी सभा, खुर्च्या, गाड्यांचे ताफे टिपत होते. वस्तीत पाकीट म्हणतात, वर पेटी आणि खोका म्हणतात, तेही रेकॉर्ड केलं. पण तो सगळा जाणारा पैसा. लोकसभेच्या उमेदवाराला मोठ्या राज्यात 95 लाखांची मर्यादा आहे, पक्षाच्या खर्चाला नाहीच. येणारा पैसा कॅमेऱ्यात कसा धरायचा, ते सुचत नव्हतं.

15 फेब्रुवारी 2024 ला सर्वोच्च न्यायालयाने योजना घटनाबाह्य ठरवली. रोख्यांचा तपशील द्यायला बँकेने 30 जूनपर्यंत मुदत मागितली, न्यायालयाने दिली नाही. 14 मार्चला दोन याद्या आल्या : एकीत रोखे घेणारे, दुसरीत वटवणारे पक्ष, मधला दुवा नाही. 21 मार्चला रोख्यांवरचे ते लपलेले क्रमांक आले. दादरच्या आमच्या खोलीत मी आणि माझा संकलक पहाटेपर्यंत ते जुळवत बसलो. या यादीतला क्रमांक त्या यादीत सापडला की तो पट्टीने रेघ मारायचा. फिल्ममध्ये मी तेच ठेवलंय, संगीताशिवाय : बोट, पट्टी, रेघ.

आजींनी ते पाहिलं होतं. उत्तर ऐकून त्यांनी पदराच्या गाठीतून पन्नासची नोट काढली आणि म्हणाल्या, "माझंही नाव घाल. सासरचं नको, माहेरचं घाल."