पुरुमेताच्या मिठाचं आइस्क्रीम

मे महिन्यात आमच्या गोव्यातल्या फोंड्याच्या घरात दोन गोष्टी एकदम येतात. एक, पुण्याहून ताईची दोन मुलं; आणि दुसरं, आईचं पुरुमेत. ज्यांना हा शब्द माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. पावसाचे चार महिने बाजार मिळेल न मिळेल म्हणून सुकी मिरची, सोलं (म्हणजे आमसुलं), सुके बांगडे, सुंगटं (म्हणजे सुकी कोळंबी) आणि मीठ घरात भरून ठेवायचं, ते पुरुमेत. आता कोपऱ्यावरचं दुकान पावसातही रात्री दहापर्यंत उघडं असतं, पण आईला ते सांगून उपयोग नाही. मीठही तिला पिशवीतलं चालत नाही. म्हापशाची मावशी पेडण्याच्या आगरवाड्याचं मीठ पाठवते. ज्या गावाच्या नावातच आगर, म्हणजे मिठागर, आहे तिथलं, जाडं, किंचित करडं आणि हाताला ओलसर लागणारं. ते चिनी मातीच्या बरणीत जातं आणि बरणी कोठीच्या खोलीत.

त्या बरणीला आम्ही हात लावला. म्हणजे मी लावला. मी उच्च माध्यमिकला रसायनशास्त्र शिकवतो, सुटीत मोबाइलमध्ये डोकं घालून बसलेली तीन मुलं (ताईचे दोघे आणि आमची धाकटी) पाहिली की माझ्यातला मास्तर जागा होतो. थोरला भाचा म्हणाला, “मामा, आइस्क्रीमचं मशीन नाही ना आपल्याकडे?” मी म्हटलं, मीठ आहे ना.

यावर तिघांनी माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं, तीच नजर अकरावीच्या वर्गात दर जूनला मला दिसते.

बर्फाची अडचण होती. फ्रिजच्या ट्रेमधले तुकडे सरबताला पुरतात, याला नाही. म्हणून मासळी बाजारातून अर्धी लादी आणली, गोणपाटात गुंडाळली आणि अंगणात वरवंट्याने फोडली. हे काम थोरल्याला इतकं आवडलं की बर्फाचा भुगाच व्हायची वेळ आली. बोराएवढे तुकडे हवेत, फार बारीक नकोत, लवकर संपतात. बर्फाला बांगड्याचा वास होता. तो आइस्क्रीमला लागणार नाही, मधे पिशवी आहे, असं मी शपथेवर सांगितलं.

पहिला दिवस पिशव्यांचा. झिपच्या छोट्या पिशवीत अर्धा कप दूध, पाव कप क्रीम, दीड मोठा चमचा साखर, वेलची. हवा काढून झिप बंद. ती मोठ्या पिशवीत, भोवती अर्धा किलो बर्फ आणि बर्फावर दोन मुठी जाडं मीठ. अशा तीन पिशव्या. चौथी मुद्दाम बिनमिठाची, तेवढ्याच बर्फाची. चौथी माझ्या वाट्याला. सगळ्यांनी पंचा गुंडाळून पिशवी हलवायची, दहा मिनिटं.

पंचा का, ते मधलीला पटत नव्हतं. तिने दोन मिनिटांत पंचा काढला आणि अर्ध्या मिनिटात किंचाळून पिशवी टाकली. बोटांची टोकं लालबुंद. बर्फ शून्यावर असतो, हाताला गार लागतो, इतकंच. मीठ घातलेला बर्फ त्याच्या कितीतरी खाली जातो आणि हात अक्षरशः भाजल्यासारखा पोळतो. ही एक गोष्ट मुलांबरोबर करताना आधीच दम देऊन सांगावी. मी सांगितली होती, पण दम कमी पडला.

मग मी प्रयोगशाळेतला थर्मामीटर आणला. शाळेतला नेहमीचा, उणे दहापासून एकशे दहापर्यंतचा. बिनमिठाच्या पिशवीत बुडवला तर लाल रेघ शून्यावर येऊन बसली, हलेना. मिठाच्या पिशवीत बुडवला. रेघ शून्य ओलांडून खाली, उणे चार, उणे सात, उणे दहा, आणि मग खालच्या फुग्यात शिरून दिसेनाशीच झाली. तिघं डोकी एकमेकांना आपटत ते पाहत होती. “संपलं?” धाकटीने विचारलं. थर्मामीटर संपला, थंडी नाही. बर्फ आणि मीठ यांचं प्रमाण अगदी नेमकं जमलं, वजनाने साधारण तीन भाग बर्फाला एक भाग मीठ, तर उणे एकवीसपर्यंत जाता येतं. आपल्या अंगणात मे महिन्यात तेवढं होत नाही, पण उणे पंधराच्या आसपास सहज होत असावं.

असं का होतं, हे मी पाच वाक्यांत सांगितलं; इथे तीनच सांगतो. मिठामुळे बर्फ शून्याखालीही वितळत राहतो. वितळायला उष्णता लागते, एका ग्रॅमला ऐंशी कॅलरी. ती तो जवळून ओढून घेतो, आणि जवळ काय आहे तर दुधाची पिशवी. साखर घातलेलं दूध शून्यावर गोठतच नाही, त्याला उणे दोन-तीन तरी लागतं. म्हणून माझी बिनमिठाची पिशवी दहा मिनिटं हलवूनही गार दूधच राहिली. ते मी प्यायलो. फॅरनहाइटनेही आपल्या मापाचं शून्य असल्याच एका मिश्रणावर ठरवलं होतं, बर्फ, पाणी आणि नवसागर, हे सांगायला मी तोंड उघडलं तोवर तिघं चमचे शोधायला गेली होती.

थोरल्याचं आणि धाकटीचं मऊसर, वितळायला आलेलं, पण आइस्क्रीमच झालं होतं. मधलीने पिशवी टाकली तेव्हा आतली झिप जराशी उघडली होती. तिने चमचा तोंडात घातला, थांबली, आणि म्हणाली, “मामा, हे ताक आहे.”

त्या दिवसापासून माझं मत असं आहे की पिशवी हा एकदा करून पाहायचा खेळ आहे. विज्ञान दाखवायला उत्तम, खायला तीन घास. एकाच पिशवीवर विसंबू नका, आतली पिशवी दुहेरी घ्या, आणि उघडण्याआधी बाहेरून नळाखाली धुऊन घ्या, नाहीतर झिपेवरचं खारट पाणी आत जातंच.

खरं आइस्क्रीम दुसऱ्या दिवशी झालं, आणि त्याचं श्रेय आईला. आम्ही अंगणातली खारी चिखलवट आवरत होतो तेव्हा ती पायरीवर येऊन बसली. बरणीकडे तिची नजर अजून गेली नव्हती. “पिशव्या कसल्या हलवता?” ती म्हणाली. “कडीचा डबा घे रे. आम्ही लहानपणी पॉट फिरवायचो, तसा फिरव.” तिच्या माहेरी लाकडी पॉट होता, बाजूला दांडा, मधे पत्र्याचं भांडं. अमेरिकेत फिलाडेल्फियाच्या नॅन्सी जॉन्सन या बाईंनी १८४३ साली दांड्याच्या अशा पॉटचं पेटंट घेतलं. पण त्याच्याही कितीतरी आधी युरोपात नुसता डबा मिठाबर्फाच्या बादलीत हाताने गरगर फिरवून आइस्क्रीम करत. आईला यातलं काही ठाऊक नव्हतं. तिला कडीचा डबा ठाऊक होता.

एक लिटर म्हशीचं दूध आटवून पाऊण लिटर केलं. दीड वाटी साखर. चाखून जरा जास्तच गोड वाटलं पाहिजे, कारण गार झाल्यावर जिभेला गोडी कमी कळते. ते रात्रभर फ्रिजमध्ये. सकाळी त्यात चार मानकुराद आंब्यांचा रस. रस कोमट दुधात घालायचा नाही, फाटतं. मानकुरादाबद्दल मी निःपक्षपाती नाही. पोर्तुगीजांनी रंग चांगला नाही म्हणून त्याला मालकोराद म्हटलं असं सांगतात, त्याचंच मानकुराद झालं. २०२३ मध्ये त्याला जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळालं. मोसमाच्या सुरुवातीला डझनाचा भाव हजारांत असतो, तेव्हा त्याचं आइस्क्रीम करणाऱ्याला घराबाहेर काढतील. मेच्या अखेरीस, साल सुरकुतली की, खुशाल करावं.

बादलीत तळाला बर्फ, वर मीठ, पुन्हा बर्फ, पुन्हा मीठ. एकूण तीन किलोला एक किलो. मधे डबा, अर्ध्याहून थोडा जास्त भरलेला. बर्फाची पातळी झाकणाच्या चार बोटं खाली. कडी धरून डबा अर्धा फेरा इकडे, अर्धा फेरा तिकडे. दर पाच मिनिटांनी झाकण पुसून उघडायचं आणि लाकडी उलथण्याने कडेचा गोठलेला थर खरवडून मधे ढकलायचा.

हा खरवडण्याचा भाग मला या सगळ्यात सर्वांत आवडतो. पहिल्या वेळी काहीच नसतं. दुसऱ्या वेळी उलथणं कडेला लागतं आणि कर्रर्र असा बारीक आवाज येतो, कागदाएवढा पातळ थर सुटतो. चौथ्या वेळी दूध उरत नाही, शिऱ्यासारखं काहीतरी होतं. तो थर सतत मोडत राहिला तर बर्फाचे स्फटिक लहान राहतात आणि जिभेला कचकच लागत नाही. डबा नुसता फ्रीझरमध्ये ठेवून विसरलात तर पिवळा बर्फ मिळतो, दुसरं काही नाही. मुलांनी पाळ्या लावल्या होत्या, शंभर फेऱ्यांची एक पाळी. धाकटी सत्तरनंतर थेट पंच्याऐंशी मोजायची.

चाळीस मिनिटं लागली. उलथणं उभं राहिलं तेव्हा थांबलो. वाट्या कमी पडल्या म्हणून आईने आपलं चहाच्या बशीत घेतलं आणि पायरीवर बसून सावकाश खाल्लं. बोलली काही नाही. पण बशी पुढे केली.

ताईने पुण्याहून फोनवर जीएमएस आणि सीएमसी या आइस्क्रीम दाट आणि मऊ करणाऱ्या पावडरींची कृती सांगितली होती, आमच्या लहानपणी उन्हाळी वर्गात शिकवत तीच: दूध, कॉर्नफ्लोअर, दोन्ही पावडरी, सेट करून बीटरने घुसळायचं की दुप्पट होतं. होतं खरं. तिसऱ्या दिवशी केलं, मधेच लाईट गेली, बीटर बंद आणि फ्रीझरही. सगळ्यांनी पातळ खीर म्हणून प्यायलं. कडीच्या डब्याला लाईट लागत नाही, एवढंच सांगतो.

चौथ्या दिवशी आई कोठीच्या खोलीत गेली. तोरं, म्हणजे कैऱ्या, आली होती, चेपणीला, म्हणजे मिठात मुरवायला, घालायची होती. बाहेर आली ती बरणी कडेवर घेऊन, आणि बरणीत तळाला दोन मुठी मीठ.

“पुरुमेत खाल्लंत माझं?”

मी मास्तर आहे, मला उत्तर सुचतं. मी म्हटलं, मीठ कुठे गेलेलं नाही, बादलीतल्या पाण्यात आहे. आणि ते खरंही होतं. दूध मिसळलेलं पहिल्या दिवसाचं पाणी आईने माडाच्या आळ्यात ओतायला लावलं, माडाला मीठ घालायची रीत आहेच. पण डब्याच्या खेपांचं दोन बादल्या पाणी स्वच्छ होतं. ते फडक्यातून गाळून आम्ही गच्चीवर दोन पराती आणि तीन ट्रे भरून उन्हात ठेवलं. मिठागर म्हणजे दुसरं काय असतं, उथळ पाणी आणि ऊन.

तीन दिवस काही दिसलं नाही. चौथ्या दुपारी मधली ओरडत खाली आली. परातीत पाण्यावर चिमुकले चौकोन तरंगत होते, तांदळाएवढे. भिंगातून पाहिलं तर प्रत्येक आतून पोकळ, पायरीपायरीने खोल गेलेला, उलट्या पिरॅमिडसारखा. बोट लावलं की बुडायचा. संध्याकाळपर्यंत तिघं तिथेच पालथी पडून होती, जेवायला बोलवावं लागलं.

सहाव्या रात्री, पहाटे चारच्या सुमाराला, कौलांवर टपटप सुरू झाली. मला जाग यायच्या आत थोरला छत्री घेऊन जिन्यात. एक परात आणि एक ट्रे वाचवला. उरलेल्यात सकाळी पुन्हा पाणीच होतं, चाखून पाहिलं तर नुसतं मचूळ.

वाचलेलं मीठ वाळून चारशे ग्रॅम भरलं. आईला नेऊन दिलं तर तिने चिमूट घेऊन हुंगली. “बांगड्याच्या बर्फाचं मीठ माझ्या तोरांना नको,” म्हणाली, आणि मावशीला फोन लावला.

ते आता कॉफीच्या रिकाम्या बाटलीत कोठीच्या फळीवर आहे. मधलीने जायच्या आधी त्यावर कागद चिकटवलाय: ‘हे मीठ फक्त आइस्क्रीमसाठी. आजीने घेऊ नये.’