आवकचा शिक्का

आमचं गाव लातूर जिल्ह्यात, मांजरेच्या काठी. एप्रिल 2021 मध्ये कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत माझे यजमान गेले. मागे राहिलं पावणेतीन एकर रान, दोन लेकरं आणि गावच्या सेवा सोसायटीत, म्हणजे शेतकऱ्यांना पीककर्ज देणाऱ्या सहकारी संस्थेत, त्यांच्या नावचा शेअर. पीककर्ज त्यांनी मार्चअखेरच भरलं होतं, काही बाकी नाही असा बेबाकीचा दाखला कपाटात होता. जुलैत वारसाचा फेरफार झाला, सातबाऱ्याला आमची नावं लागली. आता शेअर माझ्या नावावर होऊन मी सभासद झाले की पुढच्या खरिपाला कर्ज मिळेल, एवढाच माझा हिशोब.

अर्ज घेऊन गेले तर सोसायटीचा कारभार बघणारे गटसचिव म्हणाले, "वैनी, कागद ठिऊन जा, बगू मिटिंगमदी." मी म्हणाले, पोच द्या. पोच मिळाली नाही. दुसऱ्यांदा सांगितलं, वारस म्हणून सासऱ्यांचं नाव लावलंय, तुमचं नाही. सासरे जाऊन नऊ वर्षं झाली होती. तिसऱ्या खेपेला अर्ज हातातच घेतला नाही.

तेव्हा मला कळेना की एका बाईच्या अर्जाचं एवढं काय. माझ्या भावानं समजावलं. कोरोनामुळे लांबलेल्या सोसायट्यांच्या निवडणुका आता लागणार होत्या. आमच्या सोसायटीत 13 संचालक. बाजार समितीच्या 18 जागांपैकी 11 जागा अशा सोसायट्यांच्या संचालकांच्या मतांवर ठरतात. जिल्हा बँकेच्या निवडणुकीत मत कुणी द्यायचं, तो ठरावही संचालकच करतात. गावच्या सोसायटीत दहा-बारा मतांवर पॅनल पडतं, आणि माझे यजमान सत्तेतल्या संचालकांच्या विरोधातल्या पॅनलचे होते.

तालुक्याला एक वकीलसाहेब भेटले. त्यांनी फी नंतर बघू म्हणून सांगितलं आणि सहकार कायद्यातलं कलम 23 (1अ) वाचून दाखवलं. सोसायटी अर्ज घेत नसेल तर अर्ज आणि शेअरची रक्कम सहकार खात्याच्या निबंधकाकडे द्यायची. त्यांनी 30 दिवसांत ती सोसायटीला पाठवायची. तिथून 60 दिवसांत सोसायटीनं काही कळवलं नाही, तर अर्जदार सभासद झाल्याचं मानलं जातं. हे ऐकून मला रडू आलं. इतके दिवस मी ज्या दारात उभी होते त्याला बाजूनं वाट होती आणि ती कुणीच दाखवली नव्हती.

6 सप्टेंबरला सहायक निबंधकांच्या कार्यालयात अर्ज दिला. टेबलावरच्या बाईंनी माझ्या प्रतीवर जांभळ्या शाईचा आवकचा शिक्का मारला, तारीख घातली, सही केली. शिक्का जरा पुसट उठला, म्हणून मी परत मारून मागितला. त्यांनी काही न बोलता शाईचा पॅड पुढे ओढून नीट मारून दिला. तो कागद मी प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून छातीशी धरून आणला. मुदती सगळ्या अशा शिक्क्यापासूनच मोजतात. तोंडी खेटे शंभर घातले तरी त्यांची तारीख कुठंच नसते.

मुदत संपायला चार दिवस असताना सोसायटीचं पत्र आलं. अर्ज नामंजूर, कारण "अर्जदार गावात राहत नाही व शेती करीत नाही." लेकरांच्या शाळेसाठी मी तालुक्याला खोली केली होती, तेवढं धरलं त्यांनी.

कलम 23 (2) खाली अपील केलं. शेती करते हे दाखवायला माझ्याकडे बोलण्यापेक्षा कागद जास्त होते. शेतातल्या पिकाची नोंद शेतकऱ्यानंच करायचं ई-पीक पाहणीचं ॲप त्याच वर्षी आलं होतं. सप्टेंबरात मी स्वतः रानात उभी राहून सोयाबीनचा फोटो काढून चढवला होता. महिनाअखेरीला मांजरेला पूर आला, ते सोयाबीन पाण्यात गेलं. पंचनाम्याच्या यादीतही माझंच नाव. जे पीक हाती लागलं नाही, त्याचाच कागद सुनावणीत उपयोगी पडला. समोरचे एका तारखेला आलेच नाहीत, दुसऱ्या तारखेला मुदत मागितली. अपील शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावं असं कायदा म्हणतो, त्यामुळे वकीलसाहेबांनी पुढची मुदत देऊ नये असा लेखी अर्ज दिला.

एवढ्यात सोसायटीच्या निवडणुकीची प्रारूप मतदार यादी लागली. ती बघायला मी एकटीच गेले. बोट फिरवत खाली आले तर एका ओळीत यजमानांचं नाव होतं. गेलेल्या माणसाचं नाव मतदार म्हणून होतं आणि माझं नव्हतं. मी तिथंच भिंतीला टेकून उभी राहिले. हरकत घेतली. त्यांचं नाव कमी झालं, माझं काही लागलं नाही, कारण यादीसाठी धरलेल्या तारखेला, म्हणजे अर्हता दिनांकाला, मी सभासद नव्हते.

2 मार्च 2022 ला आदेश झाला, सभासद करून घ्या. तोवर अंतिम यादी झालेली, मतदान तोंडावर आलेलं. निकाल लागल्यावर वकीलसाहेबांनी विचारलं, कलम 91 खाली सहकार न्यायालयात निवडणुकीचा वाद घालायचा का, दोन महिन्यांची मुदत आहे. मी नको म्हणाले. हे बरोबर केलं की चूक, यावर माझं आणि भावाचं अजून जमत नाही. तो म्हणतो लढायला हवं होतं. मला त्या मे महिन्यात बियाणं दिसत होतं, खत दिसत होतं. कर्ज मिळालं आणि मृगात पेरणी झाली.

सप्टेंबरात वार्षिक सभेला गेले. हजेरीच्या वहीत सह्या करणाऱ्या बायका आम्ही तिघी-चौघीच होतो. आमच्या गावात माझ्यासारख्या आणखी दोघी आहेत, त्यांच्या मालकांची नावं अजून सभासद यादीत तशीच. त्यांचे अर्ज मी दोन-दोन प्रतींत लिहून नेले होते. सभा उठल्यावर सचिवांच्या टेबलावर ठेवले.

ते म्हणाले, "वैनी, ठिऊन जा."

मी म्हणाले, "शिक्का मारा भाऊ, मी थांबते." आणि खुर्ची ओढून बसले.