शेमस एनिस : कानाची नोकरी

शेमस एनिस या आयरिश वादकाचं नाव निघालं की बोलणं त्याच्या इलन पाइप्सवर, म्हणजे आयर्लंडच्या बॅगपाइपवरच येऊन थांबतं. त्याला आठवड्याचा पगार मिळाला तो मात्र ऐकण्याचा, लिहून घेण्याचा आणि दुसऱ्याला गायला लावण्याचा. 1942 ते 1958 अशी सोळा वर्षं तो पगारावर होता आणि त्याचा कान हीच त्या नोकऱ्यांची पात्रता होती. आयरिश पारंपरिक संगीतात कारकीर्द म्हणजे काय हे समजून घ्यायचं असेल, तर गाजलेल्या बँडपेक्षा एनिसकडे आधी पाहावं असं मला वाटतं.

एनिसचा जन्म 5 मे 1919चा, डब्लिनच्या उत्तरेला फिंगलसजवळ जेम्सटाउनचा. वडील जेम्स सरकारी नोकर, पण पाइप्स, बासरी आणि नाच या तिन्हींत तयार. पाइप्स ते मीथ परगण्यातल्या निकोलस मार्की नावाच्या जुन्या वादकाकडे शिकले. 1908 साली लंडनमधल्या एका गहाणवटीच्या दुकानात त्यांना पोत्यात भरलेले सुटे भाग सापडले. डब्लिनच्या थॉमस स्ट्रीटवरच्या कॉइन या कारागिराने एकोणिसाव्या शतकात घडवलेला तो इलन पाइप्सचा संच होता. तो दुरुस्त झाला, घरात वाजू लागला आणि पुढे शेमसकडे आला. पोराने पाइप्स हातात घेतले तेरा वर्षांचा असताना. कानावर मात्र ते पाळण्यापासूनच पडत होते.

हे वाद्य नीट कळल्याशिवाय एनिस कळणार नाही. आयरिश भाषेत ‘इलन’चा संबंध कोपराशी आहे. स्कॉटिश बॅगपाइपसारखी यात तोंडाने फुंक घालत नाहीत. उजव्या कोपराखाली भाता असतो, डाव्या कोपराखाली हवेची पिशवी. भात्याने पिशवी भरायची आणि पिशवी दाबून हवा नळ्यांत सोडायची. सूर काढायची नळी म्हणजे चँटर. तिच्यात सनईसारखी दुहेरी पत्तीची रीड बसते आणि तिचा पल्ला दोन सप्तकांचा असतो. पिशवी, भाता आणि चँटर एवढंच असेल तर तो सरावाचा संच. त्याला तीन ड्रोन, म्हणजे एकच सूर सतत धरणाऱ्या नळ्या, जोडले की अर्धा संच होतो. यातला टेनर ड्रोन चँटरच्या सगळ्यात खालच्या सुरात बोलतो, बॅरिटोन त्याखाली एक सप्तक आणि बास त्याखाली आणखी एक. पूर्ण संचात याशिवाय तीन रेग्युलेटर येतात, म्हणजे चाव्या लावलेल्या बंद नळ्या. त्या मांडीवर आडव्या राहतात आणि चाव्या उजव्या मनगटाच्या कडेने दाबायच्या असतात, कारण बोटं चँटरवर अडकलेली असतात. नेहमीच्या मांडणीत या चाव्या तेरा असतात.

नवशिक्याची अडचण बोटांत कमी आणि दाबात जास्त असते. भात्याचा हात खाली येताना पिशवीवरचा दाब सैल झाला की सूर उतरतो. भाता घाईने हाणला की सूर चढतो आणि फाटतो. वरच्या सप्तकात जायला दाब वाढवावा लागतो, शिवाय चँटरचं खालचं तोंड मांडीवरच्या चामड्याच्या तुकड्यावर टेकवून सगळी भोकं क्षणभर बंद करावी लागतात. आवाज पूर्ण तुटतो आणि पुढचा सूर वरच्या सप्तकात उघडतो. सगळ्यात खालचा सूर तर चँटर मांडीवरून उचलल्याशिवाय निघतच नाही. सूर असा मध्येच तोडता येतो म्हणूनच या वाद्यात तुटक आणि जोडलेलं असं दोन्ही प्रकारचं वादन होतं. पाइपर घडायला एकवीस वर्षं लागतात, सात शिकण्याची, सात सरावाची आणि सात वाजवण्याची, असं तिथे म्हणतात. दाब हाताला सवयीचा व्हायलाच यातली पहिली काही वर्षं जातात.

रीड हा वेगळाच छळ आहे. ती अरुंडो डोनॅक्स नावाच्या बोरूसारख्या नळापासून तासतात. तोंडाची वाफ लागत नसल्याने ती कोरडी राहते, म्हणून पातळ आणि गोड आवाजाची ठेवता येते आणि वर्षानुवर्षं टिकते. पण त्याच कारणाने ती खोलीतल्या हवेला लगेच दाद देते. हिवाळ्यात हीटर लावलेल्या खोलीत खालचा सूर गुरगुरायला लागतो किंवा वरचं सप्तक धरत नाही. रीडभोवती तारेचा किंवा पत्र्याचा एक पट्टा असतो. तो कडांच्या बाजूने किंचित दाबला की ओठ उघडतात, सपाट बाजूंनी दाबला की मिटतात. इथे ‘किंचित’ म्हणजे डोळ्याला जेमतेम कळेल इतकंच. एकटाच सूर चढा लागत असेल तर रीडला हात लावू नये, त्या सुराच्या भोकाच्या कडेला मेण किंवा चिकटपट्टी लावून पाहावी. बिघाड शोधण्याआधीच रीड खरवडायला घेणं ही सगळ्यात महाग चूक, कारण काढलेला नळ परत लावता येत नाही.

आता नोकऱ्यांकडे येऊ. 1938 साली एनिस डब्लिनच्या थ्री कँडल्स या छापखान्यात लागला. मालक कॉलम ओ लॉक्लन स्वतः लोकगीतांचे संपादक होते. चाली कागदावर स्वच्छ उतरवायला एनिस तिथे शिकला. युद्धामुळे टंचाई आली, 1942 मध्ये काम सुटलं. तेव्हा ओ लॉक्लन यांनीच त्याला आयरिश लोकसाहित्य आयोगाच्या शेमस ओ डिलार्गा यांच्याकडे पाठवलं. आयोगाने दिलं काय, तर लेखणी, कागद, सायकल आणि आठवड्याला तीन पाउंड.

या सामानावर त्याने पाच वर्षांत गॉलवे, मेयो, डोनेगल, केरी, ॲरन बेटं आणि स्कॉटलंडची हेब्रिडीज बेटं पालथी घातली. एकट्या कॉलम ओ कीआन या कॉनेमारातल्या ग्लिन्स्कच्या गायकाकडून त्याने दोनशेहून जास्त रचना घेतल्या. आयरिशच्या निरनिराळ्या बोली तो त्या त्या भागातल्या माणसासारख्या बोलायचा. गाणाऱ्याचा भरवसा बसायला हे पाइप्सइतकंच उपयोगी पडलं.

कान आणि कागद एवढ्यावर गाणं उतरवणं म्हणजे नेमकं काय, हे जरा सविस्तर सांगायला हवं. पहिल्यांदा गाणं अजिबात न अडवता शेवटपर्यंत ऐकायचं. म्हाताऱ्या गायकाला शब्द चालीबरोबर आठवतात, मध्येच थांबवलं की पुढचं कडवं हरवतं. मग शब्द घ्यायचे, स्थानिक उच्चारासकट. चाल पहिल्या कडव्यावरून शक्यतो लिहू नये, तेव्हा गळा तापलेला नसतो आणि गायक पट्टी शोधत असतो. दुसऱ्या-तिसऱ्या कडव्यात चाल स्थिरावते. कोणत्या सुरात सुरू झालं याची वेगळी नोंद करून चाल नेहमीच्या सोयीच्या पट्टीत लिहायची, म्हणजे दोन गायकांच्या चाली शेजारी ठेवून ताडता येतात. शेवटी गायकासमोर बसून ते गाणं त्यालाच गाऊन दाखवायचं. या टप्प्यावर एनिस इतरांच्या पुढे होता. चूक असेल तर गायक लगेच मान हलवतो. बरोबर असेल तर तो खूश होऊन आणखी एक गाणं काढतो.

तरीही स्वरलिपी काही ठिकाणी हरते. शॉन-नोस, म्हणजे जुन्या पद्धतीच्या एकट्याच्या गाण्यात ठेका बोलण्याच्या ओघात वाहतो, त्याला मात्रांच्या चौकटी घातल्या की गाणं कवायत करायला लागतं. सातवा सूर पुष्कळदा कोमल आणि शुद्ध यांच्या मध्ये कुठेतरी लागतो, त्यातला एक निवडून लिहिला की चाल खोटी होते. त्यातून प्रत्येक कडव्यात हरकती बदलतात. म्हणून अशा वह्या वाचताना एवढं ध्यानात ठेवावं की कागदावर सांगाडा आहे, मांस गळ्यात होतं. एनिस पाइप्सवर जेव्हा संथ चाल वाजवतो तेव्हा ते मांस परत येतं, कारण त्या चालीचे शब्द त्याला येत असत. शब्द ठाऊक नसलेला वादक श्वास भलत्या जागी घेतो आणि ते ऐकू येतं.

1947 मध्ये तो रेडिओ एरन या आयर्लंडच्या रेडिओकडे गेला. आता हाताशी गाडी होती आणि ध्वनिमुद्रणाचं यंत्र. त्या काळात जागेवर ॲसिटेटच्या चकतीवर थेट खाच कापली जाई. पुसून पुन्हा घेण्याची सोय नाही, चुकलं की चकती वाया. म्हणून आधी गप्पा, चहा, एखादी धून स्वतः वाजवून दाखवणं, मग सुई टेकवणं. क्लेअर परगण्यातला पाइपर विली क्लॅन्सी त्याने याच काळात मुद्रित केला. 1951च्या सुरुवातीला अमेरिकन संग्राहक ॲलन लोमॅक्स आयर्लंडला आला तेव्हा त्याला दारोदार नेणारा माणूस एनिसच होता. त्याच वर्षी तो बीबीसीत दाखल झाला आणि इंग्लंड, वेल्स, स्कॉटलंड, आयर्लंड असा फिरला. त्या मुद्रणांवर उभा राहिलेला रेडिओ कार्यक्रम त्याच्याच आवाजात घरोघर पोहोचला. 1958 मध्ये करार संपला. तेव्हा त्याचं वय 39 होतं.

पुढची चोवीस वर्षं मोकळ्या वादकाची: मैफिली, व्याख्यानं, रेडिओची सुटी कामं, 1964 मध्ये अमेरिकेतला न्यूपोर्टचा लोकसंगीत महोत्सव. उत्पन्न अनियमित आणि प्रवास भरपूर. बाकीच्या पाइपरांची गणितं वेगळी होती. क्लॅन्सी सुतार होता. लिओ राउसम पाइप्स घडवायचे, दुरुस्त करायचे आणि शिकवायचे. जॉनी डोरन घोड्याच्या गाडीतून जत्रा आणि शर्यती गाठायचा आणि उभा राहून वाजवायचा, म्हणजे गर्दीतही दिसेल. डोरनचं थोडंसं मुद्रण 1947 मध्ये आयोगानेच करून ठेवलं. 1948 मध्ये त्याच्यावर भिंत कोसळली, 1950 मध्ये तो गेला, आणि ते मुद्रण झालं नसतं तर त्याची मोकळी, धावती शैली फक्त सांगण्यापुरती उरली असती.

आजही निव्वळ वादनावर घर चालवणारे थोडेच. पबमधल्या सेशनला, म्हणजे एकत्र बसून वाजवण्याच्या बैठकीला, बहुधा दोन-तीन वादकांनाच पैसे मिळतात, बाकी मंडळी आपखुशीने बसतात. पारंपरिक धून कुणाच्याच मालकीची नसल्याने स्वामित्वधन मिळतं ते मांडणीचं किंवा स्वतः रचलेल्या नव्या धुनीचं. शिकवणं, उन्हाळी शाळा, वाद्यं घडवणं यांनी भर पडते. क्लॅन्सी गेला त्याच 1973 सालापासून त्याच्या नावाने मिलटाउन मॅलबेला दर जुलैत भरणारी शाळा त्यातली सगळ्यात मोठी. आयर्लंड सरकारने 2022 मध्ये दोन हजार कलाकारांना आठवड्याला 325 युरो देण्याचा प्रयोग सुरू केला. सायकल आणि तीन पाउंडांनी एनिसच्या हातून काय झालं हे ठाऊक असणाऱ्याला अशा रकमेची किंमत वेगळी सांगावी लागत नाही.

अखेरची वर्षं त्याने डब्लिनच्या उत्तरेला नॉल इथे काढली. जागेला त्याने एका संथ चालीचं नाव दिलं होतं, ‘ईस्टर स्नो’. 5 ऑक्टोबर 1982 रोजी तो गेला. कॉइनचा संच त्याने पाइपर लिअम ओ’फ्लिनच्या नावे ठेवला. ओ’फ्लिन आधी राउसमकडे शिकलेला आणि सत्तरच्या दशकात एनिसबरोबर एका घरात राहिलेला.

ऐकायला सुरुवात करायची तर ‘फॉक्स चेस’ या कोल्ह्याच्या शिकारीच्या धुनीपासून करावी. त्यात शिकारी कुत्रे, घोड्यांच्या टापा, कोल्ह्याचं ओरडणं सगळं पाइप्समधूनच निघतं. मग एखादं रील, म्हणजे जलद नाचाची धून, ऐकावं. आठ मात्राखंडांचा एक भाग, तो दोनदा, मग दुसरा भाग दोनदा, एक फेरा बत्तीसचा. दुसऱ्या फेऱ्यात कुठे काय बदललं ते पेन्सिलने टिपत जावं. खालच्या सुरावर तो बोटांच्या झपाट्याने एकच सूर तीन-चार तुकड्यांत फोडतो, त्याला क्रॅन म्हणतात, तो आधी पकडावा. रेग्युलेटर शेवटी. एनिस ते फार कमी वापरतो, आणि एकदा मनगट चावीवर पडलं की ते तिथेच का पडलं हे चाल पुन्हा ऐकल्यावर कळतं.