घंटा वाजतच राहिली

"डबी पोराच्या कमरेला बांध आणि माइक जाकिटाच्या आत चिकटव," दिग्दर्शिका म्हणाली. मी नाही म्हटलं. वायरलेस माइकची डबी असते काडेपेटीएवढी, पण धातूची. १३ वर्षांचा पोरगा बैलावरून पाठीवर आपटला आणि ती मणक्यात रुतली तर? शब्दाला शब्द वाढला. शेवटी मी माइक खोड्याला बांधला. आपल्याकडे जनावरांच्या दवाखान्यात असतो तसाच लोखंडी खोडा, फक्त याचं दार बाजूनं उघडतं.

टेक्सासात, फोर्ट वर्थपासून दोन तासांवरच्या गावात, रोडिओतल्या, म्हणजे उधळत्या जनावरावर टिकून बसायच्या खेळातल्या, मुलांवर आमचा माहितीपट चालला होता. ही पोरं पाच-सहा वर्षांची असताना मेंढीवर बसतात, मग वासरावर, मग गोऱ्ह्यावर, मग बैलावर. एका हातानं दोर धरायचा, दुसरा कुठेही टेकला की बाद. मोठ्यांना ८ सेकंद टिकायचं असतं. या पोराच्या गटाला त्या दिवशी ६.

हेडफोनमध्ये आधी ऐकू आली ती राळ. पकड घट्ट बसावी म्हणून दोराला राळ चोळतात; लाकडावर कानस फिरवावी तसा आवाज येतो. मग त्याचा श्वास. मग वडील, हळूच: "हनुवटी छातीला." त्यानं मान हलवली आणि दार उघडलं.

त्या दोराला बैलाच्या पोटाखाली एक जड घंटा असते. स्वारानं हात सोडला की तिच्या वजनानं दोर सुटून खाली पडतो. आमच्या गावी, परभणीजवळ, तिन्हीसांजेला बैलांच्या घंटा ऐकू आल्या की आई चहाचं आधण ठेवायची, आजोबा आले म्हणून. इथे घंटा गप्प झाली की जिवात जीव येतो.

बझर झाला. लोक ओरडले. माझी नजर आवाजाच्या मीटरवर होती, आणि घंटा वाजतच होती. मान वर केली तर पोरगा बैलाच्या कुशीला लोंबकळत होता. हातमोजा दोरात अडकलेला, पाय फरफटत. दोन बुलफायटर, म्हणजे बैलाला हुलकावून स्वाराला वाचवणारी माणसं, धावले. एक सरळ बैलाच्या तोंडापुढे गेला, दुसऱ्यानं उडी मारून दोराचं टोक ओढलं. घंटा धप्पकन मातीत पडली.

पोरगा आपल्या पायांनी चालत आला. अंगातल्या संरक्षक जाकिटावर, बरगडीपाशी, खुराचा अख्खा ठसा. १९८९ मध्ये वायोमिंगमधल्या शायेनच्या रोडिओ मैदानात लेन फ्रॉस्ट हा बैलस्वारीतला जगज्जेता बैलाच्या धडकेनं गेला, वय अवघं २५. त्यानंतर त्याचा मित्र कोडी लँबर्ट यानं असं जाकीट बनवलं. तो ठसा बघताना मला त्या दोघांची आठवण झाली.

तासाभरानं पोरगा माझ्याकडे आला. मनगटाला बर्फाची पिशवी.

"सर, मी बझरपर्यंत होतो ना? ऐकवाल?"

मी हेडफोन त्याच्या कानांवर ठेवले. बझरनंतर मी थांबवायला गेलो, तर त्यानं चांगल्या हातानं माझा हात धरला. "पुढचं पण."

डोळे मिटून तो ऐकत राहिला, घंटा पडेपर्यंत. मग वडिलांना हाक मारली, आणि हेडफोन त्यांच्या हातात दिले.