जुन्या कॅम्पेन्सची आवराआवर, नोंद चौथी: ३७ बेपत्ता नकाशे आणि एक ऱ

सापडलं! तीन आठवडे ज्या गाठीने झोप उडवली होती ती काल रात्री सुटली. सगळ्या घोळाचं मूळ एका अक्षरात होतं, आणि तेही आपल्याच.

मागच्या नोंदीपर्यंतची स्थिती तुम्हाला आठवत असेल. फाउंड्री म्हणजे डी अँड डीसारखे भूमिका घेऊन खेळायचे खेळ ऑनलाइन चालवायचं सॉफ्टवेअर. त्याच्या माझ्या सर्व्हरवर नऊ वर्ल्ड्स, म्हणजे एकेका कॅम्पेनचा (अनेक सेशन्स चालणाऱ्या खेळाचा) सगळा डेटा, त्यांतली दोनच चालू. बाकीची सात संपलेली, अर्ध्यात सुटलेली किंवा एका वन-शॉटपुरती (एकाच बैठकीच्या खेळापुरती) उभी केलेली. डेटा फोल्डर ४१ जीबीवर गेलेलं, बॅकअपला रात्र पुरत नाही. सातही वर्ल्ड्स काढून टाकायची असं ठरलं होतं. पण वर्ल्ड डिलीट केलं की फक्त त्या वर्ल्डचं फोल्डर जातं. नकाशे, टोकन्स (नकाशावर पात्र दाखवणारी छोटी चित्रं) आणि आवाज बाहेरच्या सामायिक फोल्डरात असतील तर ते जागचे हलत नाहीत, आणि मी २०२० पासून सगळं बाहेरच टाकत आले आहे. माझ्या पहिल्या तीन कॅम्पेन्स ज्या ब्राउझरमधल्या प्लॅटफॉर्मवर होत्या तिथेही हाच अनुभव आला होता. गेम्स डिलीट केले, कोटा तसूभर कमी झाला नाही, कारण चित्रांची लायब्ररी खात्याला जोडलेली होती, गेमला नव्हती. तिथे मी एकेक चित्र हाताने काढत बसले. इथे साडेअकरा हजार फाइल्स आहेत, त्यामुळे तो मार्ग बंद.

म्हणून स्क्रिप्ट. सगळ्या नऊ वर्ल्ड्सचा डेटा वाचायचा, त्यात उल्लेख आलेला प्रत्येक फाइलचा मार्ग गोळा करायचा, आणि डिस्कवरच्या फाइल्सशी ताडून पाहायचं. दोन याद्या निघतात. डिस्कवर आहे पण कोणीच नाव घेत नाही, त्या ‘अनाथ’. कोणीतरी नाव घेतंय पण डिस्कवर नाही, त्या ‘बेपत्ता’.

ज्यांनी स्क्रिप्ट मागितली होती त्यांच्यासाठी दोन गोष्टी परत सांगते, कारण माझी पहिली यादी यांच्यामुळेच चुकली. २०२३ मध्ये ११वी आवृत्ती आली तेव्हा फाउंड्रीने डेटा साठवायला नीडीबी सोडून लेव्हलडीबी घेतलं. जी वर्ल्ड्स त्यानंतर उघडलीच नाहीत त्यांचा डेटा अजून जुन्या डीबी फाइल्समध्ये आहे. त्या साध्या मजकुराच्या फाइल्स असतात, एका ओळीत एक नोंद. पण नोंद बदलली की जुनी ओळ खोडली जात नाही, नवी शेवटी जोडली जाते. त्यामुळे एकाच आयडीच्या ओळींतली शेवटचीच धरायची. लेव्हलडीबीत अडचण निराळी. तिथे सीनची (एका नकाशावरच्या प्रसंगाची) नोंद एका किल्लीखाली असते आणि त्या सीनवरची टोकन्स वेगळ्या किल्ल्यांखाली. मी नुसत्या सीनच्या किल्ल्या वाचल्या, आणि स्क्रिप्टने चालू कॅम्पेनमधली निम्मी टोकन्स बेधडक अनाथ ठरवली. क्लासिक-लेव्हल लायब्ररीने सरसकट सगळ्या किल्ल्या वाचा, गाळू नका. आणि हे काम कायम प्रतीवर करा, फाउंड्री बंद ठेवून. लेव्हलडीबी एका वेळी एकाच प्रोग्रामला आत घेतं.

जर्नलमधली चित्रं मजकुराच्या आत टॅगमध्ये दडलेली असतात, तीही उपसावी लागतात. वाइल्डकार्ड टोकन्सचं मात्र अजून पूर्ण जमलेलं नाही, त्यावर शेवटी येते.

इतकं सगळं करून बेपत्ता यादी २१२ वर आली. बऱ्याचशांचा उलगडा झाला: काढून टाकलेल्या मॉड्यूल्समधले (जोडभागांमधले) आयकॉन, एका सिस्टीमने (खेळाचे नियम पुरवणाऱ्या भागाने) मधल्या काळात हलवलेली चित्रं. ते सोडून दिलं. उरले ३७. हे ३७ च्या ३७ खोऱ्याच्या कॅम्पेनचे नकाशे होते.

खोऱ्याची कॅम्पेन म्हणजे माझी पहिली लांब कॅम्पेन. ९४ सेशन्स. ती एप्रिल २०२२ मध्ये संपवली आणि मे महिन्यात मी जुन्या मॅकवरून सगळं लिनक्सच्या सर्व्हरवर हलवलं. त्यानंतर ते वर्ल्ड एकदाही उघडलं नव्हतं. आता त्याची प्रत उघडली तर प्रत्येक सीन काळा. टोकन्स आहेत, भिंती आहेत, दिवे आहेत, खाली जमीनच नाही.

नेमकं त्याच आठवड्यात तेव्हा क्लेरिकचं (देवतेच्या उपासकाचं) पात्र खेळणारीचा मेसेज आला. ‘आवरते आहेस असं ऐकलं. देवळाचा नकाशा टाकून नको देऊस हं, माझ्याकडे मूळ कागद राहिलेला नाही.’ ६१व्या सेशनसाठी तिने तिच्या देवतेच्या देवळाचा आराखडा स्वतः पेनाने काढला होता, गाभाऱ्यातल्या चोरवाटेसकट. स्कॅन करून मी तो सीनला लावला होता. तिला मी लिहिलं, ‘आहे गं, नीट ठेवलाय.’ आणि मग पाहिलं तर तो त्या ३७ मध्ये होता.

आता गंमत बघा. अनाथ यादीतही एक फोल्डर होतं, ‘खोऱ्यातले_नकाशे’. त्यात फाइल्स किती? ३७. म्हणजे वर्ल्ड म्हणतंय की ‘खोऱ्यातले_नकाशे’ नावाचं फोल्डर डिस्कवर नाही, आणि डिस्क म्हणतेय की ‘खोऱ्यातले_नकाशे’ कोणालाच नको आहे. मी अनाथ फाइल्स थेट डिलीट न करता ‘विलगीकरण’ नावाच्या फोल्डरात हलवते आहे, म्हणून ते नकाशे वाचले. ज्यांनी मला पहिल्या नोंदीनंतर हे सुचवलं त्यांचे मनापासून आभार. देवळाचा नकाशा त्यांच्यामुळे शिल्लक आहे.

फोल्डर परत जागेवर ठेवलं. तरी सीन काळेच. दोन्ही नावं एडिटरमध्ये एकाखाली एक ठेवली. काना, मात्रा, रेघ, काहीच वेगळं नाही. एकाचा शोध घेतला की दुसरं सापडत नाही. मागे मोकळी जागा राहिली आहे का पाहिलं. नव्हती. मग वाटलं, शून्य रुंदीचा जोडक. आपल्यापैकी जे जुन्या पद्धतीने टाइप करतात ते ‘ऱ्या’ लिहायला र, हलन्त आणि मग तो अदृश्य जोडक वापरतात, आणि तो नावात घुसला की डोळ्यांना दिसत नाही. दोन्ही नावांतून जोडक काढायची ओळ स्क्रिप्टमध्ये घातली. यादी तशीच. या एका कल्पनेमागे माझे आठ दिवस गेले, कारण ती इतकी पटण्यासारखी होती की मी दुसरीकडे बघतच नव्हते.

काल रात्री शेवटी नावांची लांबी मोजली. वर्ल्डमधलं नाव १५ खुणांचं, डिस्कवरचं १६. मग एकेक खूण सुटी करून छापली. वर्ल्डमध्ये तिसरी खूण अखंड ‘ऱ’ होती, युनिकोडमधली स्वतंत्र. डिस्कवर तिथे दोन खुणा होत्या: साधा र, आणि त्याखाली नुक्ता. पडद्यावर दोन्हींचा ‘ऱ्या’ हुबेहूब सारखा उमटतो.

मग सगळं जुळलं. २०२१ मध्ये मी या फोल्डरचं नाव बदललं होतं आणि सगळ्या सीन्समधले मार्ग एका मॅक्रोने बदलले होते. मॅक्रोत नाव मी कीबोर्डवर टाइप केलं, म्हणून तिथे अखंड ऱ. पण त्या मॅकची डिस्क एचएफएस प्लसची होती, आणि एचएफएस प्लस नावं साठवताना अशी अक्षरं फोडून ठेवते. मॅक स्वतः दोन्ही रूपं एकच मानतो, त्यामुळे शेवटचं सेशन होईपर्यंत नकाशे व्यवस्थित दिसत होते. लिनक्स नावाचे बाइट्स जसेच्या तसे ताडून पाहतो. त्याच्या लेखी ४३ बाइट्सचं नाव आणि ४६ बाइट्सचं नाव ही दोन वेगळी फोल्डर्स.

उपाय निघाला दोन भागांत. स्क्रिप्टमध्ये ताडण्याआधी दोन्ही बाजूंची नावं एनएफसी या युनिकोडच्या एका ठरावीक रूपात आणायची, जावास्क्रिप्टमध्ये ती एका ओळीची गोष्ट आहे. डिस्कवर नावं बदलायला कन्व्हएमव्ही. हे साधन मला फार आवडलं. सांगितल्याशिवाय ते काहीच बदलत नाही, काय बदलेल ते आधी नुसतं दाखवतं, आणि तुम्ही वेगळा पर्याय दिला तरच हात लावतं. आवराआवरीची सगळी साधनं अशीच असायला हवीत. हिंदी नावं वापरणाऱ्यांनी एक लक्षात ठेवा: ड़ आणि ढ़ यांचं वागणं ऱ च्या उलट आहे. एनएफसी त्यांना जोडत नाही, फोडूनच ठेवतं. म्हणून एकच बाजू सारखी करून भागत नाही, दोन्ही करा.

रात्री एक वाजता खोऱ्याचं वर्ल्ड उघडलं. ३७ च्या ३७ सीन्स उजळले. मी देवळात गेले, क्लेरिकचं टोकन गाभाऱ्यात जिथे शेवटचं उभं होतं तिथेच होतं. लगेच स्क्रीनशॉट पाठवला. ‘ही चोरवाट तुम्हाला शेवटपर्यंत सापडली नाही,’ तिने उलट लिहिलं. खरंच, नाही सापडली.

बाकीचं थोडक्यात. फॉगची, म्हणजे नकाशाचा न पाहिलेला भाग झाकणाऱ्या धुक्याची, साफसफाई झाली. प्रत्येक सीनमध्ये प्रत्येक खेळाडूने उघडलेल्या भागाचं चित्र फाउंड्री डेटाबेसमध्येच साठवतं, आणि एका वर्ल्डमध्ये एकटं फॉगचं फोल्डर बाकी सगळ्या नोंदींपेक्षा मोठं झालं होतं. संपलेल्या कॅम्पेनला त्याचा काहीच उपयोग नाही. चॅटचे लॉग मजकूर म्हणून काढून ज्या त्या गटाला पाठवले. तीन वन-शॉट वर्ल्ड्स कायमची गेली, त्यांत जपण्यासारखं काही नव्हतं. एका क्लिकमध्ये अनाथ फाइल्स काढणारी मॉड्यूल्स वापरू का, असं दोघांनी विचारलं होतं. माझं मत स्पष्ट आहे, नको. मॉड्यूल एका वेळी एकाच वर्ल्डमध्ये चालतं. सामायिक फोल्डरातली फाइल दुसऱ्या कुठल्या वर्ल्डला लागते का, हे त्याला त्या वर्ल्डमध्ये बसून कळत नाही.

आता बेत बदलतोय. ही नोंद लिहायला बसले तेव्हा खोऱ्याचं वर्ल्ड झिप करून बाहेरच्या डिस्कवर टाकायचं आणि सर्व्हरवरून काढायचं, असं ठरलं होतं. पण वरचा देवळाचा परिच्छेद लिहिताना जाणवलं की झिप केलेलं वर्ल्ड पुन्हा लावायचं तर बाहेरचे नकाशेही त्याच मार्गावर, त्याच नावाने असावे लागतील. म्हणजे तीन वर्षांनी तोच घोळ. मग डोक्यात आलं अ‍ॅडव्हेंचर. १०व्या आवृत्तीपासून सीन्स, अ‍ॅक्टर्स (पात्रं), जर्नल्स सगळं एका अ‍ॅडव्हेंचर नोंदीत बांधून कम्पेंडियममध्ये, म्हणजे साठवणीच्या संचात, ठेवता येतं. तेही चित्रं सोबत घेत नाही, नुसते मार्ग घेतं. पण ते कम्पेंडियम स्वतःच्या एका मॉड्यूलमध्ये ठेवलं, नकाशे त्याच मॉड्यूलच्या फोल्डरात हलवले आणि मार्ग तसे बदलले, तर सगळी कॅम्पेन एका फोल्डरात येते. हवी तेव्हा कुठल्याही वर्ल्डमध्ये आणा, नको तेव्हा मॉड्यूल काढा. फोल्डरांची नावं या वेळी रोमन अक्षरांत, मोकळी जागा न ठेवता. मराठी नावं सीनला आणि जर्नलला देईन, तिथे ती बिनधोक राहतात.

यासाठी वर्ल्डची प्रत चालू आवृत्तीत उघडून स्थलांतरित करावी लागते. स्थलांतर झालं की मागे फिरता येत नाही, म्हणून मूळ झिप हात न लावता बाजूला ठेवली आहे. काल उघडली तीही प्रतच. डी अँड डीच्या पाचव्या आवृत्तीच्या सिस्टीमने अ‍ॅक्टर्सचं स्थलांतर करताना दोन इशारे दिले, दोन्ही माझ्या हाताने बनवलेल्या आयटम्सवर. ते नवे करून घेईन.

हाच विचार चालू कॅम्पेन्सनाही लागू करते आहे. जे फक्त एका कॅम्पेनचं आहे ते यापुढे त्या वर्ल्डच्याच फोल्डरात जाईल. वर्ल्ड काढलं की तेही जाईल, शोधाशोध नाही. सामायिक फोल्डरात फक्त गॉब्लिन, लांडगे, दरवाजे, पावसाचे आवाज, म्हणजे जे खरोखर सगळीकडे लागतं तेवढंच. पीएनजीचं वेबपी करायचं काम मात्र मी शेवटी ठेवलं आहे. एक नकाशा २२ एमबीवरून ३ एमबीवर येतो हे पाहून हात शिवशिवतात, पण एक्स्टेन्शन बदललं की मार्ग बदलतो, आणि एका वेळी एकच गोष्ट हलवायची असं आता ठरवलंय.

उरलं वाइल्डकार्ड. प्रोटोटाइप टोकनच्या (अ‍ॅक्टरच्या मूळ टोकनच्या) मार्गात फाइलच्या नावाऐवजी तारांकन असतं, आणि फाउंड्री त्या फोल्डरातलं कुठलंही चित्र उचलतं. त्यामुळे जी गॉब्लिनची चित्रं अजून एकदाही सीनवर आली नाहीत त्यांचं नाव डेटात कुठेच नसतं. सध्या तारांकन दिसलं की तो अख्खा फोल्डर वापरात आहे असं मी धरते. हे सुरक्षित आहे, पण त्यामुळे ‘सगळे राक्षस’ नावाच्या फोल्डरातल्या १,४०० फाइल्स एका तारांकनामुळे वाचल्या आहेत, आणि त्यांतल्या हजारएक मला नको आहेत. कोणी तारांकनाचा नमुना फाइलच्या नावांशी नीट ताडून पाहिला असेल तर कसा, ते सांगा. विशेषतः महिरपी कंसातले पर्याय कसे हाताळले ते.

डेटा फोल्डर सध्या ३३ जीबी. विलगीकरणात आणखी ६ जीबी आहेत, ते दोन्ही चालू कॅम्पेन्सची दोन-दोन सेशन्स होईपर्यंत तिथेच राहतील. आणि पुढच्या सेशनसाठी देवळाचा नकाशा नव्या कॅम्पेनमध्ये आणते आहे. क्लेरिक परवानगी द्यायला तयार आहे, फक्त चोरवाट कुठे उघडते ते मला आत्ताच सांगणार नाही म्हणाली.