कारल्याची परतून भाजी, झाकण न ठेवता

सोमवार आमच्याकडे शिवराक, म्हणजे शाकाहारी. हुमण (माशांची आमटी) नाही, तळलेला बांगडा नाही, त्यामुळे उकड्या तांदळाच्या भातासोबत दाताखाली येणारं, चवीला ठसठशीत असं काहीतरी लागतं. माझ्यापुरता तो प्रश्न कारल्याने सुटला आहे. बायकोचा या भाजीवर जुना राग, म्हणून कारली आणण्यापासून कढई घासण्यापर्यंत सगळं माझ्याकडेच.

म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात मी लांब, फिकट कारली सोडून आखूड, गर्द हिरवी, खरखरीत घेतो. कडू जास्त, पण गर घट्ट असतो. पिवळसर झालेली भाजीवाली स्वस्तात पुढे करते, "आयजूच रांद, बाब" (आजच रांध, बाबा) म्हणते. ती घेऊ नयेत. आतल्या बिया लाल व्हायला लागलेल्या असतात आणि गर मऊ पडलेला.

कारलं म्हटलं की सगळे कडूपणाच्या मागे लागतात. तुपात तळा, साखरेत घोळा, कडू ते कडूच. बरोबर आहे की! कडू नको असेल त्याने दुधी खावा. नरकचतुर्दशीच्या पहाटे कारीट फोडून त्याचा थेंब जिभेला लावणाऱ्यांनी एवढं काय घाबरायचं? खरी अडचण पाण्याची. शंभर ग्रॅम कारल्यात ९४ ग्रॅमच्या आसपास पाणीच असतं. ते कढईत सुटलं की काप परतले जात नाहीत, शिजतात, आणि शिजलेलं कारलं म्हणजे नुसती कडू चिंधी.

अर्धा किलो कारली उभी चिरून आतला पांढरा भाग चमच्याने काढतो. कडूपणा तिथेच असतो असं म्हणतात, मला तसं कधी जाणवलं नाही. तो तेल पितो, म्हणून काढायचा. कोवळ्या बिया राहू देतो. मग अर्धगोल पातळ काप, एक सपाट चमचा मीठ, चिमूट हळद, चोळून अर्धा तास तिरक्या ताटात. मीठ पाणी ओढून काढतं, शिवाय जिभेवर कडूपणा दाबतं. नंतर मुठीत घट्ट पिळायचं. पिळल्यावर धुवायचं नाही, नाहीतर केलेली मेहनत वाया. पावसाळ्यात हवेवर काही सुकत नाही, म्हणून काप पंच्यात गुंडाळून दाबतो.

ते हिरवं पाणी "पी, साखरेला बरं" असं आई सांगते. मी ओतून टाकतो. एक तर ते खारट, आणि कारलं रक्तातली साखर उतरवू शकतं म्हणूनच मधुमेहाच्या गोळ्या चालू असणाऱ्याने डॉक्टरांना विचारल्याशिवाय त्या फंदात पडू नये.

आता बिडाची कढई. तीन मोठे चमचे खोबरेल, राई, हिंग, दोन सुक्या मिरच्या, कढीपत्ता. काप एका थरात, दोन घाण्यांत. झाकण अजिबात नाही, वाफ पुन्हा खालीच गळते. मध्यम आचेवर दोन-तीन मिनिटं उलथनं लावायचं नाही. हात शिवशिवतात, पण तेवढं थांबलं तरच कापांना रंग येतो. आधी मोठी फसफस ऐकू येते, ती उरलेल्या पाण्याची. ती बारीक होत गेली की उलटायचं, आणि कडा तपकिरी होईपर्यंत असंच अधूनमधून.

दोन्ही घाणे एकत्र केले की चव बघतो. मीठ बहुतेक वेळा पुरेसं असतं. मग दोन-तीन सोलं (आमसुलं) कात्रीने बारीक कापून, सुकीच. आगळ (कोकमाचा रस) किंवा भिजवलेली सोलं घातली की पाणी परत आलंच. माडाच्या काळ्या गुळाचा छोटा खडा अगदी शेवटी, कारण गूळ लवकर करपतो. वर आदोळीवर (खवणीच्या विळीवर) तेव्हाच खवलेली मूठभर सोय, म्हणजे ओलं खोबरं, मिनिटभर परतून गॅस बंद.

भात आधीच वाढून ठेवावा. पावसाच्या दिवसांत हा कुरकुरीतपणा जेवण संपेपर्यंत टिकला तरी खूप. उरलेली भाजी ओलं खोबरं असल्याने फ्रीजमध्ये जाते आणि दुसऱ्या दिवशी कोरड्या तव्यावर बऱ्यापैकी सावरते.

बायकोसाठी त्याच कढईत मागाहून फागलां (कर्टोली) परततो. ती कारल्याच्याच गणातली, पण कडू नाहीत. फक्त पावसाळा सरला की बाजारात मिळत नाहीत, मग तिला लोणच्यावर भागवावं लागतं.