खांद्यावरची शोभेची शिलाई

सॅम्पल्स रॅकवर लागली आणि मीटिंगमध्ये पसंती जवळपास ठरूनच गेली. मातकट हिरवं जॅकेट, रुंद काठाची टोपी, कमरेला बांधायची छोटी बॅग. रंगसंगती खरोखर सुरेख होती. ट्रेकचे कपडे देखणे असावेत असं मलाही मनापासून वाटतं. आवडलेलाच कपडा माणूस अंगावर चढवतो. पण ऑर्डरवर सही माझी असते, म्हणून जॅकेट मी स्वतः भिजवून बघते.

टॅगवर आकडा होता २०,००० मिलिमीटर. म्हणजे २० मीटर उंच पाण्याच्या स्तंभाइतका दाब ते कापड झेलतं. दमदारच, पण तो आकडा कापडाचा, शिवलेल्या जॅकेटचा नव्हे. सुई जाते तिथे भोक पडतं, म्हणून शिवणीला आतून टेप चिकटवतात.

आत राखाडी सुती टी-शर्ट घातला (राखाडीवर ओल लगेच दिसते), वर जॅकेट, पाठीवर भरलेली सॅक, आणि शॉवरखाली उभी राहिले. वाकले, हात उंचावले, हूड ओढून मान वळवली. नंतर जॅकेट काढलं तर छाती, पाठ, बाह्या कोरड्या ठणठणीत. दोन्ही खांद्यांवर मात्र तिरक्या गडद रेघा, पट्टीने आखल्यासारख्या सरळ.

जॅकेट उलटं केलं. जोडशिवणींवर टेप नीट होती. रेघा उमटल्या होत्या त्या नक्षीच्या शिलाईखाली. ती नुसती शोभेची, त्यामुळे तिला टेपच नव्हती. आणि सॅकचा पट्टा नेमका तिथेच बसतो, पाणी दाबून आत ढकलतो. थंड वाऱ्यात ओल्या खांद्यांनी अंगातली ऊब भराभर जाते. डोंगरावर ते जिवावर बेतू शकतं.

टोपीने मात्र मन जिंकलं. मानेवर झालर, यूपीएफ ५० चं कापड, म्हणजे अतिनील किरणांपैकी फार तर २ टक्के आत येणार. हनुवटीखालची दोरी जोराचा हिसका बसला की आपोआप सुटते, फांदीत अडकली तरी गळा आवळत नाही. हे ज्याला सुचलं त्याचं कौतुक. बॅगेचं बक्कल हातमोजा घालून उघडेना, ते मोठं हवं.

डिझायनर फोनवर म्हणाली, "अहो, ती शिलाई काढली तर खांदा अगदी ओकाबोका दिसेल." मी म्हटलं, "मग तीच रेघ छापून घ्या ना." थोडा विचार करून ती तयार झाली.

टोपी मंजूर केली. जॅकेटवर शेरा लिहिला: खांद्यावर सुई नको, नवं सॅम्पल सॅकसकट भिजवल्याशिवाय ऑर्डर नाही.